नाच डॉक्टर सावळी

गिरगाव
२४ जून २०२५

प्रिय शेवंते,

लालबाग, गिरगाव बोलतंय. लाइन घे.

मागच्या पत्राचं उत्तर राहिलं ते राहू दे, आधी हे ऐक. म्हणजे वाच. ट्रंक एक्स्चेंजमध्ये जन्मभर दुसऱ्यांचे कॉल जोडणाऱ्या बाईचेच कान जावेत, याचं मला फार वाईट वाटायचं. हल्ली वाटत नाही. तुझे कान गेले म्हणून तर आपण दोघी पुन्हा कागदावर आलो. फोनवर हे बोलले असते तर शेजारच्या खोलीनं ऐकलं असतं, आणि व्हॉट्सॲपवर लिहिलं असतं तर वरदनं वाचलं असतं. पुण्याहून आला की आमचे चिरंजीव माझा फोन हातात घेतात, ‘साफ करून देतो’ म्हणतात आणि कढई घासावी तसे तासभर घासत बसतात. पत्र तेवढं आपलं दोघींचं.

तर झालं असं. काल पासबुक भरून आणलं. बँकेतलं ते छापायचं मशीन कधीपासून आजारी होतं, काल एकदाचं उठून बसलं. घरी येऊन चष्मा लावला आणि वाचायला घेतलं. पेन्शन, वीज, गॅस, बस्स, एवढाच माझा संसार. पण मध्ये एक अनोळखी ओळ निघाली. फेब्रुवारीत एक, मार्चमध्ये एक, पुढे दर महिन्याला. रक्कम म्हणशील तर दोन दिवसांच्या भाजीइतकी. पण ओळ काय आहे बघ. आधी एन ए सी एच. मग डी आर. मग एस ए व्ही ए एल आय. पुढचं कडेला कापलं गेलंय.

मी मोठ्यानं वाचलं. नाच. डॉक्टर. सावळी.

शेवंते, मी आयुष्यात नाचलेली नाही. माझ्या भावाच्या वरातीतसुद्धा मी सगळ्यांच्या पर्सा सांभाळत फुटपाथवर उभी होते, तू साक्षीला आहेस. मग ही कोण सावळी, ती डॉक्टर कसली आणि मी तिला नाचाचे पैसे का देतेय?

वरदला फोन केला. तो म्हणाला, “आई, तूच कुठेतरी ओके दाबलं असशील. विसरली असशील.” इतक्या सहज म्हणाला, ‘भाजीत मीठ कमी आहे’ म्हणावं तसं. आणि पुढच्याच श्वासाला, “एवढ्या पावसात भाजी गल्लीत कशाला गेलीस आज?” आता हे त्याला पुण्यात बसून कसं कळलं? पण हल्ली त्याचं असंच झालंय. मी उंबरा ओलांडला की तिकडे त्याला चाहूल लागते. पोटचा मुलगा लांब असला तरी नाळ तुटत नाही म्हणतात ते खोटं नाही.

तुला विचारायचं कारण असं की गिरगावाबाहेर मी कार्ड वापरलंय ते फक्त तुमच्याकडे. जानेवारीत तुझ्याकडे आले होते, चिवडा गल्लीत गेलो होतो, त्या जाड काचेच्या चष्मेवाल्यानं कार्ड मशीनला लावून घेतलं होतं. तुमच्या बाजूला सावळी नावाचं काही आहे का? जरा बघ ना. मला आता चैनच पडत नाही.

तीन मिनिटं झाली, ट्रंक कॉलची मुदत संपली. कॉल तोडते.

तुझी
कालिंदी


लालबाग
२८ जून

कालिंदे,

लालबाग हजर.

तुझं पत्र वाचून मी एवढी हसले की आमची सून अनुजा पोळी तव्यावर टाकून धावत आली. तिला वाटलं सासूबाईंना ठसका लागला. तिला पत्र दाखवलं नाही, भिऊ नकोस.

सावळी आहे! आमच्या चाळीमागच्या रस्त्यावर, टॉवरच्या खाली नवीन दुकानांची रांग झालीय, तिथे ‘सावळी ब्युटी पार्लर’ अशी गुलाबी पाटी आहे. सगळ्या बायका गोऱ्या व्हायला जातात आणि नाव सावळी. काय गो ह्या! मी परवा दुपारी गेले. मालकीण सीमा म्हणून आहे, भली बाई. मी कानाचं यंत्र घरी ठेवून गेले होते (तुला माहीत आहे, त्यात मला नुसते पंख्याचे आवाज येतात). मी म्हटलं, चौकशी करायची आहे. ती काहीतरी म्हणाली. मी मान हलवली. तिनं मला खुर्चीत बसवलं, मागे वाकवलं. मला वाटलं, वा, मालवणी पद्धत दिसते, आधी पाहुण्याला बसवतात. तेवढ्यात तिनं दोरा दातात धरला आणि माझी डावी भुवई कोरून मोकळी झाली.

एक करून सोडते कशी? उजवीही करून घेतली. आता अनुजा माझ्याकडे बघते आणि तोंड फिरवून हसते.

मग मी तुझी ती ओळ कागदावर लिहून दाखवली. सीमानं आपल्या मोबाइलवर मोठ्या अक्षरात लिहिलं, “काकी, माझ्याकडे कार्डाचं मशीनच नाय. सगळं स्कॅनवर.” मी विचारलं, तू डॉक्टर आहेस का? तिनं लिहिलं, “असते तर दोरा चावत बसले असते काय?” तेव्हा ही सावळी आपली नव्हे. तो चष्मेवाला चिवडेवालाही नव्हे, त्याच्या दुकानाचं नाव त्याच्या आजोबांच्या नावावर आहे, पावती मी बघून आले.

आता माझं ऐक. घरात बसून कोडी सोडवू नकोस, बँकेत जा आणि भांड. आपल्या वेळी कोणाला एका कॉलचं बिल जास्त लागलं तर तो माणूस एक्स्चेंजच्या दारात येऊन कसा उभा राहायचा! तशी उभी राहा. आणि वरदला सांग, विसरणारी ती दुसरी, तुझी आई नव्हे.

शेवंती


गिरगाव
३ जुलै

प्रिय शेवंते,

गेले. भांडायला गेले आणि हसं करून घेऊन आले.

काउंटरवर हितेंद्र नावाचा मुलगा आहे, शांत स्वभावाचा. माझा नंबर आला तेव्हा मागे ही रांग. मी पासबुक पुढे केलं आणि खणखणीत आवाजात विचारलं, “ही डॉक्टर सावळी कोण आणि मी हिच्याकडे कधी नाचले?” आपला आवाज तुला ठाऊक आहे, एक्स्चेंजच्या बोर्डावरचा आवाज तो, तो काही सेवानिवृत्त झालेला नाही. मागच्या रांगेत एक गृहस्थ इतके हसले की त्यांच्या हातातला चेक खाली पडला.

हितेंद्र हसला नाही. म्हणाला, “मॅडम, ते नाच नाही. नॅच म्हणतात त्याला. आपण एकदा परवानगी दिली की दर महिन्याला खात्यातून आपोआप पैसे जातात, त्याची ती व्यवस्था. आणि डी आर म्हणजे डॉक्टर नाही, डेबिट. खात्यातून गेलेले.” मी विचारलं, मग सावळी? त्याच्या स्क्रीनवरही तेवढंच होतं, पुढे आकड्यांची लांब शेपटी. तो म्हणाला, कोणत्या तरी कंपनीचं नाव असणार. दुकानाच्या पाटीवर एक नाव असतं आणि कागदोपत्री दुसरंच, त्यामुळे माणसं ओळखतच नाहीत. परवानगी मात्र दिवाळीच्या सुमाराला दिली गेलीय, माझ्याच कार्डावरून, माझ्याच फोनवर आलेला नंबर टाकून.

“विसरला नाहीत ना, आठवून बघा. तुम्ही दिली नसेल तर तक्रार करा,” असं म्हणून त्यानं एक फॉर्म दिला. त्यात खाली एक वाक्य आहे. ‘हा व्यवहार मी केलेला नाही आणि माझ्या परवानगीने झालेला नाही.’ त्याखाली सही करायची.

मी पेन उघडलं आणि माझ्याच्यानं सही होईना.

तुला मी पहिल्या पत्रात नाचाच्या गमती लिहिल्या, हे लिहिलं नाही. वरद ‘विसरली असशील’ म्हणाला तेव्हापासून मला रात्री आईच दिसते. तिचं शेवटी काय झालं ते तू पाहिलंस. ‘तुम्ही कोणाकडे आलात?’ असं तिनं मला माझ्याच घरात विचारलं. पण त्याच्या आधी वर्षभर ती नुसती काहीबाही विसरायची आणि आम्ही हसायचो. ते वर्ष माझं आता चालू असेल तर? मी दिवाळीत खरंच कुठेतरी हो म्हटलं असेल आणि ते माझ्या डोक्यातून पुसलं गेलं असेल तर? ‘मी केलेलं नाही’ असं छातीठोकपणे लिहायला आधी छाती हवी. फॉर्म घडी करून पर्समध्ये घातला आणि घरी आले.

वरदनं काल सांगितलं, एकोणीसला येतो. तिसरा शनिवार, बँक चालू असते. कागद घेऊन येणार आहे. “खातं जॉइंट करू आई. व्यवहार सगळे मी बघेन, तुला हात लावायला नको.” प्रेमानंच म्हणाला. पण शेवंते, हे खातं मी पहिल्या पगारावर उघडलंय, लग्नाच्याही आधी. आमच्या ह्यांनी जन्मभरात त्यात कधी डोकावलं नाही. वरदच्या इंजिनिअरिंगची फी त्यातूनच गेली. आता काय होणार बघ. मला कोणी फसवलं असेल तरी मी भोळी, आणि मी विसरले असेन तरी मी भोळी. खातं दोन्हीकडून जातंच.

खरं कोण ते मला एकोणीस तारखेच्या आत कळायला हवं. मी की ती सावळी.

कालिंदी


लालबाग
७ जुलै

कालिंदे,

मेल्या त्या फॉर्मला घाबरलीस तू? तुझ्या डोक्याचा निकाल आधी लावते. जानेवारीत चिवडा देणाऱ्याच्या चष्म्याची काच जाड होती हे तुला आठवतं. मी तिथे रोज जाते, मला आठवेना. मुद्दाम जाऊन पाहिलं, जाड आहे. हे जिच्या डोक्यात राहतं तिच्या डोक्यातून दिवाळी पुसली जाईल होय? तुझ्या आईचं नाव घेऊन पुन्हा असं लिहिलंस तर मी तुझ्याशी बोलणार नाही. ऐकू येत नसलं तरी अबोला धरता येतो मला.

आता सावळीचं. तुला एक्स्चेंजमधली आपली फर्नांडिस आठवते? (आठवतेच.) नागपूरच्या मुळेसाहेबांना मुंबईहून कॉल लागला होता. कॉलच्या तिकिटावर बुकिंगवालीनं नाव इंग्रजीत लिहिलं एम यू एल ई. आपल्या फर्नांडिसला कुठला ळ, तिनं नागपूरला घरी विचारलं, “मुले आहेत का?” तिकडून बाई म्हणाल्या, “मुलं शाळेत गेलीत, मास्तरांनी काही म्हटलं का?” अर्धा दिवस आपण सगळ्या बोर्डाखाली वाकून हसत होतो. त्यानंतर सुपरवायझरनं नियमच केला होता, मराठी नाव इंग्रजीत आलं की ल आणि ळ दोन्ही म्हणून बघायचं.

हे मला परवा आठवलं ते असं. मला स्वतःचा आवाजही आता ऐकू येत नाही, म्हणून मी शब्द म्हणते तेव्हा ते जिभेवर कसे लागतात तेवढंच कळतं. तुझी ओळ मी घोळवत बसले होते. सावळी म्हटलं की जीभ मागे वळते, टाळ्याला लागते. मग सहज जीभ पुढे दातांशी आणली.

सावली.

इंग्रजीत ळ नाहीच, कालिंदे. तू ज्या दिवशी वाचलंस त्या दिवसापासून आपण दोघी सावळी शोधतोय. ती सावली असणार. कसली सावली, कोणाची, ते मला कळत नाही. छत्र्यांचं दुकान? पडदे? तू शोध. तुझ्याच अंगणात पडली असेल.

शेवंती


गिरगाव
११ जुलै

शेवंते,

सापडली.

तुझं पत्र वाचलं आणि मी फोन हातात घेतला. त्याच्या दुसऱ्या पानावर कधीपासून एक लहानशी निळी छत्री आहे. मला वाटायचं पावसाचा अंदाज सांगणारं काहीतरी असेल. छत्री म्हणजे पाऊस, एवढी माझी अक्कल. मी तिला कधी हात लावला नाही, कारण पाऊस मला खिडकीतून दिसतो. तुझं पत्र वाचून मी ती छत्री उघडली.

वर लिहिलंय, ‘सावली. आपल्या ज्येष्ठांवर मायेचं लक्ष.’ खाली नकाशा. नकाशात आमची गल्ली, गल्लीत आमची इमारत आणि तिच्यावर एक निळा ठिपका. तो ठिपका म्हणजे मी. मी उठून गॅलरीत गेले तर ठिपकाही हलला, पठ्ठ्या. त्याच्या खाली मी कुठेकुठे गेले ते सगळं ओळीनं. भाजी गल्ली. वाचनालय. बँक. मला वाटलं होतं मी गुडघे कुरकुरत नाहीत त्या दिवशी गुपचूप चौपाटीवर जाऊन बसते ते देवाला आणि मला माहीत आहे. तेही आहे. सगळ्यात खाली लिहिलंय, ‘पाहणारे: वरद’. आणि त्याच्याखाली बारीक अक्षरात, पहिले तीन महिने मोफत.

मग सगळं लख्ख आठवलं. भाऊबीज होती. मी चकल्या तळत होते. वरद फोन साफ करत बसला होता आणि म्हणाला, “आई, कार्ड दे, गॅसचं बिल कायमचं लावून देतो.” मी तेलकट हातानंच पर्समधून काढून दिलं, म्हटलं पुसून घे. गॅसचं लावलं त्यानं, खरंच लावलं. पण त्याच बैठकीत हेही लावलं.

म्हणजे मी विसरले नव्हते. विसरायला मला काही ठाऊकच नव्हतं. मी आयुष्यात नाचले नाही असं लिहिलं होतं ना तुला? काल स्वयंपाकघरात दोन पावलं टाकली. ओट्याला धरून का होईना, टाकली.

आणि मग खाली बसले आणि रडले. मी त्याला नाळ समजत होते, शेवंते. पुण्यात बसून माझ्या पोराला कळतं म्हणून मी शेजारपाजारी मिरवलं. आणि तो नकाशात बघत होता. बरं, बघत होता तर बघत होता, वर मलाच ‘विसरली असशील’ म्हणतो! माहीत असून माझ्या तोंडावर असं म्हणाला असेल तर मी त्याला कसं माफ करू?

तो फॉर्म पर्समध्ये आहे. आता मी सही करू शकते, छाती आहे. पण ती सही माझ्याच मुलाविरुद्ध होते. तुझा सल्ला हवाय.

कालिंदी


लालबाग
१४ जुलै

कालिंदे,

पत्र वाचलं आणि उभ्या उभ्याच लिहायला घेतलं, अक्षर खराब आलंय, सांभाळून घे.

फोन करून भांडू नकोस. फोनवरचं भांडण आपण दोघींनी खूप ऐकलंय, मधेच लाइन कटते आणि माणसं आयुष्यभर एकमेकांना अर्धं वाक्य लावून बसतात. तो येतोय ना, येऊ दे. समोर बसव.

आणि एक सांगू? रागावू नकोस. त्याला माहीत असून तो तसं म्हणाला असेल असं मला वाटत नाही. मी त्याला लहानपणापासून पाहतेय. तो खोटं बोलला की त्याचे कान लाल होतात, आणि तो फोनवरही खोटं बोलत नाही, नुसता गप्प बसतो. तेव्हा आधी सांगू नकोस, आधी विचार. त्याला काय ठाऊक आहे ते त्याच्या तोंडून येऊ दे.

पण म्हणून सोडू नकोस. आमच्या अनुजानंही मागे मला असलंच काहीतरी लावायचं काढलं होतं. कान नाहीत, गाड्यांचे हॉर्न ऐकू येत नाहीत, रस्ता ओलांडताना काही झालं तर कळायला हवं म्हणाली. माझ्यासमोर पाटावर बसून तिनं कागदावर सगळं लिहून दाखवलं. मी दोन दिवस नाही म्हटलं, तिसऱ्या दिवशी हो म्हटलं. माझाही ठिपका हलतो कुठेतरी. पण मला माहीत आहे तो हलतो.

तिनं विचारलं होतं. तुझं दुखणं एवढंच आहे, आणि ते लहान नाही. सही कर, मी म्हणेन.

शेवंती


गिरगाव
२० जुलै

प्रिय शेवंते,

लालबाग, गिरगाव बोलतंय. आवाज स्वच्छ येतोय ना?

काल सकाळी वरद आला. कागदांची फाइल टेबलावर ठेवली, त्यावर माझ्या सहीच्या जागी पेन्सिलीनं फुल्या करून आणल्या होत्या. मी त्याला पोहे दिले. तुझा सल्ला लक्षात ठेवून विचारलं, “वरद, तुला सावली माहीत आहे?”

“कसली सावली? झाडाची?” त्यानं पोहे खातखात विचारलं. मी कान बघत होते. कान साधे होते.

मी पासबुक उघडून त्याच्यासमोर ठेवलं. बोट ओळीवर ठेवलं. “ही ओळ वाच. शेवटच्या शब्दात ळ नको, ल म्हण.”

त्यानं वाचलं. चमचा बशीत ठेवला. आता कान लाल झाले, मानेपर्यंत. आणि त्याच्या तोंडून पहिलं वाक्य काय आलं सांगू? “पण ते फ्री होतं ना?”

“तीन महिने होतं,” मी म्हटलं. “बारीक अक्षरात आहे.”

“मी ते नंतर बंद करणार होतो. किंवा माझ्या कार्डाला जोडणार होतो. आई, मी...” तो थांबला. “मी विसरलो.”

शेवंते, त्या क्षणासाठी मी एकवीस दिवस उपास केला असता. मी त्याच्या बशीत आणखी पोहे वाढले आणि म्हटलं, “होतं असं. वय होत चाललं की होतंच. आपण असं करू या का, खातं जॉइंट करू या. तुझं. व्यवहार सगळे मी बघेन, तुला हात लावायला नको.”

आधी तो हसला. मग त्याचं तोंड वाकडं झालं, लहानपणी गुडघा फुटला की व्हायचं तसं. म्हणाला, “तुला मी विसरली असशील म्हटलं ना?” मी म्हटलं, हो, म्हटलंस, आणि त्यानंतर मला कित्येक रात्री तुझी आजी दिसली. तो बशीकडे बघत बसला.

मग त्यानं सांगितलं ते मला माहीत नव्हतं. मागच्या दसऱ्याच्या आधी एक दिवस मी त्याचे फोन उचलले नव्हते. वाचनालयात होते, फोन पर्समध्ये मुका करून ठेवला होता. तो पुण्याहून गाडी काढून निघाला होता. लोणावळ्यापर्यंत आला, तेव्हा मी उचलला आणि म्हटलं, “काय रे, कशाला एवढे फोन?” तो म्हणाला, सहज. आणि गाडी वळवून परत गेला. मला कधी बोलला नाही. “तिथे रस्त्याकडेला मी दहा मिनिटं बसलो होतो आई,” म्हणाला.

माझा राग तिथे निम्मा उतरला, खोटं कशाला सांगू. पण निम्मा राहिला. मी म्हटलं, “मग मला विचारायचं होतंस.”

“तू नाही म्हणाली असतीस.”

“म्हणाले असते. त्यासाठीच विचारतात, वरद. समोरच्याला नाही म्हणता यावं म्हणून.”

मग मी पर्समधून फॉर्म काढला आणि त्याच्यासमोर सही केली. त्या वाक्याचे दोन्ही भाग खरे होते, मी केलेलं नाही आणि माझ्या परवानगीनं झालेलं नाही. सही कशी वळणदार आली, तुला दाखवायला हवी होती. शेरा लिहायच्या जागी मी लिहिलं, ‘मुलाने न विचारता केले.’ ते त्यानं वाचलं आणि मुकाट्यानं चपला घातल्या.

बँकेत हितेंद्रनं फॉर्म वाचला, माझ्याकडे पाहिलं, मग वरदकडे. म्हणाला, “मॅडम, हा वाद बँकेचा नाही, घरचा आहे. याची तक्रार कशी पाठवू? परवानगी रद्द करून टाकू, पुढच्या महिन्यापासून जाणार नाहीत.” मग सवयीनं वरदला विचारलं, “म्हणजे मॅडम विसरल्या नव्हत्या?” तोच मागचा गृहस्थ आज पुन्हा रांगेत होता, कान टवकारून. वरद सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, “नाही. मी विसरलो.” आणलेली फाइल त्यानं काखेतून काढलीच नाही.

छत्री बाहेरच्या बाकावर बसून काढली. वरदनं बोट दाखवलं, फोननं विचारलं, खात्री आहे का? मी स्वतः ओके दाबलं. हे ओके मला मरेपर्यंत आठवेल.

जाताना तो गाडीत बसला, काच खाली केली, काहीतरी म्हणायचं होतं त्याला. गाडी सुरू करून परत बंद केली. मग म्हणाला, “आई, या आठवड्यात कुठे जाणार आहेस का?”

साधा प्रश्न, शेवंते. पण गेले कित्येक महिने त्यानं मला तो विचारलाच नव्हता. त्याला उत्तर आधीच दिसायचं. आणि मीही काय बाई, त्यानं विचारलं नाही म्हणून सांगायची थांबले होते, त्याला कळतंच म्हणून.

मी म्हटलं, “विचारलंस म्हणून सांगते. गुरुवारी लालबागला, शेवंतीकडे. मधे वाटलं तर चौपाटीवरही जाईन. तिथे जाऊन बसायला मला आवडतं.”

“माहीत आहे,” तो म्हणाला आणि जीभ चावली. दोघंही हसलो.

तर गुरुवारी येतेय. सीमाकडे माझी पण खुर्ची धरून ठेव, दोन्ही भुवया करायच्या आहेत, आणि सावळीचा मान आपण ठेवला पाहिजे, तिनं फुकट चौकशी सहन केली. तुझं यंत्र घरीच राहू दे, मी कागद आणते.

तीन मिनिटं कधीच झाली. मी वाढवून घेतेय.

तुझी
कालिंदी